अमेरिकेतली जी माणसं ‘गायब’ झाली म्हणतात, ती गायब झालीच नव्हती

डिसेंबर १८८८. अमेरिकेतल्या कोलोरॅडोमध्ये बर्फ पडत होता. रिचर्ड वेदरिल आणि त्याचा मेव्हणा चार्ली मेसन चुकलेली गुरं शोधत एका पठाराच्या टोकाशी आले. समोर बघतात तर काय, कड्याच्या पोटातल्या भल्यामोठ्या कपारीत अख्खं दगडी गाव उभं! बुरूज, खिडक्या, एकावर एक मजले, सुमारे १५० खोल्या. माणूस मात्र एकही नाही.

वेदरिलने त्याला ‘क्लिफ पॅलेस’ असं नाव दिलं. ही जागा म्हणजे मेसा वर्दे. तिथल्या यूट लोकांना ती आधीपासून माहीत होती, पण ‘शोध लावला’ म्हणून नाव झालं ते वेदरिलचं. आणि तिथूनच एक गोष्ट पसरत गेली. हे गाव बांधणारी माणसं रातोरात गायब झाली, कुठे गेली कुणालाच ठाऊक नाही. आजही यूट्यूबवर या विषयाचे व्हिडिओ बघितले, तर थंबनेलवर हेच लिहिलेलं असतं.

गंमत अशी की या माणसांचे वंशज तिथून एखाद्या दिवसाच्या प्रवासावर राहतात.

त्यांना प्युब्लो म्हणतात. स्पॅनिश भाषेत प्युब्लो म्हणजे गाव. सोळाव्या शतकात आलेल्या स्पॅनिश लोकांनी मातीची, एकाला एक चिकटलेली माळवदी घरं बघितली आणि तिथल्या सगळ्यांना हेच नाव देऊन टाकलं. प्रत्यक्षात ही एक जमात नाही. न्यू मेक्सिकोत १९ प्युब्लो आहेत, ॲरिझोनात होपी आहेत, टेक्सासमध्येही एक प्युब्लो आहे. त्यांच्या काही भाषांचा एकमेकींशी काडीचाही संबंध नाही. पुस्तकांत त्यांच्या पूर्वजांना बरीच वर्षं ‘अनासाझी’ म्हटलं गेलं. हा शब्द शेजारच्या नावाहो लोकांचा, आणि त्याचा अर्थ साधारण ‘शत्रूंचे पूर्वज’ असा सांगतात. स्वतःच्या पणजोबांना कुणी शेजाऱ्याचा शत्रू म्हणून ओळखावं, हे कुणाला आवडेल? म्हणून आता ‘पूर्वज प्युब्लो’ असं म्हणायची पद्धत आहे.

या पूर्वजांचं सगळ्यात मोठं काम मेसा वर्देला नाही, तर दक्षिणेला न्यू मेक्सिकोतल्या चाको कॅन्यनमध्ये आहे. इथे इ.स. ८५० ते ११५० या काळात प्रचंड दगडी इमारती उभ्या राहिल्या. त्यातली सर्वांत मोठी प्युब्लो बोनिटो. इंग्रजी डी अक्षरासारखा आकार, चार-पाच मजले, सहाशेहून जास्त खोल्या. आता हे लक्षात घ्या, की या दरीत मोठी झाडं जवळपास नव्हतीच. छपरांसाठी लागणारे ओंडके ७५ किलोमीटर किंवा त्याहून लांबच्या डोंगरांतून आणले गेले. चाकोतल्या मोठ्या इमारतींना मिळून दोन लाखांहून जास्त ओंडके लागले असावेत, असा अंदाज आहे. बैल नाही, घोडा नाही, चाकाची गाडी नाही. सगळं माणसांच्या खांद्यावरून.

एवढा खटाटोप कशासाठी? कारण चाको हे नुसतं राहायचं ठिकाण नव्हतं. इमारतींच्या मानाने तिथे चुली कमी सापडतात. कायमची वस्ती बेताची असावी आणि ठरावीक दिवसांत लांबून माणसं येत असावीत, असं अनेक अभ्यासक मानतात. चाकोकडे येणारे सरळसोट, काही ठिकाणी नऊ-नऊ मीटर रुंद रस्ते आहेत. चाकच नसताना एवढा रुंद रस्ता गाड्यांसाठी नक्कीच नव्हता. २००९ मध्ये प्युब्लो बोनिटोतल्या मडक्यांच्या खापरांवर चक्क कोकोचे अंश सापडले. कोको उगवतो पार मेक्सिकोच्या दक्षिणेकडे. तिकडचेच मकाव पोपटही इथे आणलेले होते.

चाकोत फहादा ब्यूट नावाचा एक सुळका आहे. त्यावर तीन शिळांच्या आड खडकावर एक चक्राकार आकृती कोरलेली आहे. १९७७ मध्ये ॲना सोफेर या चित्रकर्तीच्या लक्षात आलं, की जूनमधल्या सर्वांत मोठ्या दिवशी, दुपारच्या सुमारास उन्हाची एक तिरीप बरोबर या चक्राच्या मधून उतरते. बातमी झाली, अभ्यासकांची आणि इतरांचीही वर्दळ वाढली. पायांनी माती झिजली, शिळा सरकल्या, आणि १९८९ मध्ये कळलं की तिरीप आता पूर्वीसारखी पडत नाही. शेकडो वर्षं टिकलेली गोष्ट बारा वर्षांत बिघडली. सुळका आता लोकांसाठी बंद आहे.

पण ही माणसं गायब झाली नाहीत याचा खरा पुरावा बघायचा, तर ‘किवा’ बघायला हवा.

किवा म्हणजे जमिनीत खोदलेली, बहुतेक ठिकाणी गोल असलेली खोली. आत उतरायचं ते छपरातल्या भोकातून, शिडीने. मधोमध अग्नीची जागा. धूर त्याच भोकातून वर जातो आणि ताजी हवा भिंतीतल्या बोगद्यातून आत येते. त्या हवेच्या झोताने विस्तव उडू नये म्हणून मध्ये एक दगडी आडोसा असतो. आणि जमिनीत एक छोटंसं छिद्र, त्याला म्हणतात ‘सिपापू’. माणसं खालच्या जगातून वर आली, त्या जागेची ती खूण.

हा आकार आला कुठून? फार पूर्वी ही माणसं अशाच खड्ड्यातल्या घरांत राहायची. पुढे जमिनीवर दगडी घरं आली, पण जुन्या घराचा आकार विधींसाठी राखला गेला. मेसा वर्देतल्या लहान किव्यांमध्ये घरातली रोजची कामंही होत असावीत, प्रत्येक गोल खोली म्हणजे मंदिर असं नाही. चाकोतला कासा रिंकोनाडा हा किवा मात्र सुमारे १९ मीटर व्यासाचा आहे. ती निश्चितच गावकीची जागा.

आणि आजच्या प्युब्लो गावांत? किवा आहेतच. त्यात विधी होतात, आणि बाहेरच्या माणसाला आत प्रवेश नसतो.

मग क्लिफ पॅलेस ओस का पडला? याचं उत्तर लाकडाने दिलं. झाडाच्या खोडात दर वर्षी एक वलय तयार होतं. पाऊस चांगला झाला तर रुंद, दुष्काळ पडला तर अरुंद. ए. ई. डग्लस या खगोलशास्त्रज्ञाने अशा वलयांची साखळी जोडत नेली. मधला एक दुवा तेवढा सापडत नव्हता. तो जून १९२९ मध्ये ॲरिझोनातल्या एका जळक्या तुळईत सापडला आणि अवशेषांना थेट वर्षं लावता आली. त्याच वलयांत दिसतं, की १२७६ ते १२९९ या काळात भीषण दुष्काळ होता. त्याच्या जोडीला भांडणं आणि हाणामाऱ्या झाल्याच्याही खुणा आहेत. १३०० पर्यंत मेसा वर्दे रिकामं झालं होतं. चाको तर त्याच्याही आधी, बाराव्या शतकातल्या दुष्काळात मागे पडलं होतं. माणसं दक्षिणेला सरकली. रिओ ग्रान्दे नदीकाठी, अकोमाला, झुनीला, होपींच्या पठारांवर. यात गूढ काही नाही, पाणी नसेल तर कुणीही गाव सोडेल.

स्पॅनिश राजवटीला मात्र किवा म्हणजे काय ते नीट कळलं होतं. मिशनऱ्यांनी किवे उद्ध्वस्त केले, विधींचे मुखवटे जाळले. १६७५ मध्ये ४७ धार्मिक पुढाऱ्यांना पकडलं आणि त्यांतल्या बहुतेकांना फटके मारले. त्यातला एक होता पोपे. त्याने पाच वर्षांनी गाठी मारलेल्या दोऱ्या गावोगाव पाठवल्या. रोज एक गाठ सोडायची, गाठी संपल्या की उठाव. १६८० च्या ऑगस्टमध्ये वेगवेगळ्या भाषा बोलणारी गावं एकाच वेळी उठली आणि स्पॅनिशांना १२ वर्षं या प्रदेशाबाहेर काढलं.

‘गायब झाले’ म्हटलं, की मागे राहिलेलं बेवारस ठरतं. १८९१ मध्ये गुस्ताफ नॉर्डेनशोल्ड या तरुण स्वीडिश संशोधकाने मेसा वर्दे खणलं. स्थानिकांनी त्याला अटक करवली, पण त्याला अडवणारा कायदाच नव्हता. मानवी अस्थींसकट सगळं युरोपात गेलं आणि शेवटी फिनलंडच्या राष्ट्रीय संग्रहालयात पोचलं. पुरातन जागांचं संरक्षण करणारा कायदा आला १९०६ मध्ये. त्या अस्थी, साधारण वीस माणसांच्या, परत आल्या २०२० मध्ये. मग त्यांना मेसा वर्देतच पुन्हा पुरलं गेलं.

चाकोचंही तेच. १८९६ मध्ये प्युब्लो बोनिटोतल्या एका खोलीतून १४ जणांचे अवशेष आणि हजारो फिरोजा मणी निघाले, आणि ते न्यूयॉर्कच्या संग्रहालयात गेले. २०१७ मध्ये त्यांच्या डीएनएवर शोधनिबंध आला. त्यातल्या नऊ जणांचा आईकडचा वंश एकच निघाला, म्हणजे मोठेपण आईकडून चालत असावं. शोध मोठा होता, पण प्युब्लो समाजांना कुणी विचारलंच नव्हतं. त्यावरून बरीच टीका झाली.

म्हणून २०२५ मध्ये जे झालं ते वेगळं ठरतं. न्यू मेक्सिकोतल्या पिकुरिस प्युब्लोने स्वतःहून शास्त्रज्ञांना गाठलं. चाकोशी आमचं नातं आहे हे आमचे वाडवडील सांगत आलेत, तुम्ही तपासून बघा. आजच्या १३ गावकऱ्यांचे आणि गावातल्या १६ पूर्वजांचे नमुने तपासले गेले. काम थांबवायचा अधिकार गावाकडे होता. ‘नेचर’मध्ये निकाल छापून आला, की प्युब्लो बोनिटोत पुरलेल्या माणसांशी त्यांचं जवळचं नातं आहे.

याला आणखी एक कारण होतं. चाकोच्या आजूबाजूच्या जमिनीत तेल आणि वायू आहे. जून २०२३ मध्ये अमेरिकेच्या गृहमंत्रालयाने चाकोभोवती दहा मैलांच्या पट्ट्यातल्या सरकारी जमिनीवर २० वर्षांसाठी नवे पट्टे द्यायला मनाई केली. तेव्हा मंत्री होत्या डेब हालांड, लगूना प्युब्लोच्या. नावाहो राष्ट्राने मात्र विरोध केला, कारण त्याच पट्ट्यात जमिनी असलेल्या अनेक नावाहो कुटुंबांचं उत्पन्न या तेलावर चालतं. प्युब्लो नेते म्हणतात ती आमच्या पूर्वजांची जागा, नावाहो कुटुंबं म्हणतात ती आमची रोजीरोटी. आणि दोघेही आजही तिथेच राहतात.