निवेदकावाचून अर्थ : वाइजमन यांचा ‘बेल्फास्ट, मेन’

अमेरिकेच्या ईशान्य किनाऱ्यावरील मेन राज्यात बेल्फास्ट नावाचे एक लहानसे बंदर आहे. फ्रेडरिक वाइजमन यांचा ‘बेल्फास्ट, मेन’ (१९९९) हा सुमारे चार तासांचा अनुबोधपट या गावाच्या नित्य व्यवहाराचे चित्रण करतो. शेवंड पकडणारे कोळी, सार्डिन माशांच्या डबाबंदीचा कारखाना, न्यायालय, शाळेचा वर्ग, गरीब व वृद्धांची विचारपूस करणारे समाजसेवक, ही त्याची सामग्री होय. त्यात निवेदन नाही, मुलाखत नाही, बाहेरून जोडलेले संगीतही नाही.

निवेदक नसल्यामुळे चित्रपटाला स्वतःचे म्हणणे नाही, असा समज होणे स्वाभाविक आहे. परंतु तो यथार्थ नव्हे. वाक्याचा अर्थ ज्याप्रमाणे केवळ शब्दांत नसून त्यांच्या अन्वयातही असतो, त्याप्रमाणे येथे तो दृश्यांच्या क्रमातही असतो. वर्गात शिक्षक मेल्व्हिलच्या ‘मोबी डिक’ या देवमाशाच्या शिकारीवरील कादंबरीचे विवेचन करतो. कारखान्यात कामगारांचे हात अखंड मासे हाताळीत राहतात. साहित्यातील श्रम आणि प्रत्यक्षातील श्रम यांचा संबंध कोणी सांगत नाही. तो प्रेक्षकानेच जोडावयाचा असतो.

या चित्रपटाचे ध्वनिमुद्रण व संकलन वाइजमन यांनी स्वतः केले. काय ठेवावे, काय गाळावे, याचा निर्णय त्यांचाच होता; मात्र तो पडद्यावर दिसत नाही. निरीक्षणपद्धतीचे सामर्थ्य आणि तिचा धोका, दोन्ही येथेच आहेत. बोलीचे ध्वनिमुद्रण करून त्यातील उतारे निवडणाऱ्या भाषाभ्यासकालाही हाच विवेक बाळगावा लागतो.