आर्चबिशप अशर आणि सृष्टीचा जन्मदिवस

विज्ञानाचा इतिहास सोपा करून सांगणाऱ्या पुस्तकांत एक किस्सा हमखास भेटतो. सतराव्या शतकात आयर्लंडमध्ये एक आर्चबिशप होऊन गेले. त्यांनी बायबलमधल्या पूर्वजांच्या वयांची बेरीज केली आणि देवाने हे जग इ.स.पू. 4004 मध्ये 23 ऑक्टोबरला सकाळी नऊ वाजता निर्माण केले, असे जाहीर करून टाकले. वाचणारा हसतो आणि पान उलटतो. हे आर्चबिशप म्हणजे आर्माचे जेम्स अशर (1581–1656). किस्स्यातले साल त्यांचेच आहे, तारीखही त्यांचीच. बाकीचा तपशील मात्र चुकीचा आहे आणि त्यामुळे युरोपातल्या एका पहिल्या दर्जाच्या संशोधकावर आपण अन्याय करत आलो आहोत.

गैरसमज : ‘सकाळी नऊ वाजता’

ही वेळ अशर यांनी कधीच दिली नाही. ती त्यांचे समकालीन जॉन लाइटफूट यांची. लाइटफूट यांनी 1642 मध्ये उत्पत्तीच्या पुस्तकावर एक छोटे टिपण छापले, त्यात नऊचा उल्लेख आहे. पण तो माणसाच्या निर्मितीविषयी, जगाच्या नव्हे. त्यांचे सालही वेगळे होते. पुढे अँड्रयू डिक्सन व्हाइट या अमेरिकी लेखकाने 1896 मधल्या आपल्या गाजलेल्या ग्रंथात अशर यांची तारीख आणि लाइटफूट यांची वेळ एकत्र बांधली. तेव्हापासून ही जोडगोळी पुस्तकापुस्तकांतून फिरते आहे. अशर यांच्या मते काळाची सुरुवात झाली ती 23 तारखेच्या आदल्या संध्याकाळी, रात्र पडताना; कारण बायबलमधला दिवस संध्याकाळपासून मोजला जातो.

गैरसमज : ‘नुसती वयांची बेरीज’

हा सगळ्यांत मोठा गैरसमज. बेरजेने काम भागत असते, तर ते कोणाही शाळकरी मुलाने केले असते. अडचण पहिल्याच पावलाला येते. अब्राहामाचा बाप तेरह सत्तर वर्षांचा झाल्यावर त्याला अब्राम, नाहोर आणि हारान हे मुलगे झाले, असे उत्पत्तीच्या अकराव्या अध्यायात आहे; हा अब्राम म्हणजेच पुढचा अब्राहाम. म्हणजे अब्राहाम जन्मला तेव्हा बाप सत्तरीचा, असे वाटते. पण तेरह 205 व्या वर्षी वारला. त्यानंतर अब्राहामाने हारान हे शहर सोडले आणि तेव्हा त्याचे वय 75 होते, असेही पुढे येते. 205 मधून 75 वजा केले की 130 उरतात. अशर यांनी दुसरा आकडा धरला. एका ओळीच्या वाचनाने साठ वर्षांचा फरक!

शिवाय बायबल कोणते घ्यायचे? हिब्रू पाठ, प्राचीन ग्रीक भाषांतर आणि शोमरोनी लोकांचा पाठ यांतली वये एकमेकांशी जुळत नाहीत. हिब्रू आणि ग्रीक हिशेबांत हजाराहून अधिक वर्षांचे अंतर पडते. अशर यांनी अलेप्पोत राहणाऱ्या टॉमस डेव्हिस या इंग्रज व्यापाऱ्यामार्फत शोमरोनी पाठाच्या हस्तलिखित प्रती मिळवल्या. पाठ ताडून पाहिले आणि मगच हिब्रू पाठ स्वीकारला. ग्रीक भाषांतरावर तर त्यांनी 1655 मध्ये स्वतंत्र ग्रंथ लिहिला.

शलमोनाच्या पुढे वंशावळीची साखळी संपते. राजांच्या कारकिर्दी सुरू होतात, त्याही एकमेकींवर चढलेल्या. तिथे बायबलबाहेरच्या इतिहासाचा आधार घ्यावाच लागतो. अशर यांनी नेमका दुवा शोधला : बाबेलचा राजा नबुखद्नेस्सर मेला आणि त्याच्या मुलाने गादीवर येताच यहूदाचा बंदिवान राजा यहोयाखीन याला मोकळे केले, ते त्याच्या कैदेचे सदतिसावे वर्ष होते, असे राजांच्या दुसऱ्या पुस्तकात सांगितले आहे. नबुखद्नेस्सराच्या मृत्यूचे साल प्राचीन खगोलशास्त्रज्ञ टॉलेमीच्या राजयादीवरून काढता येते : इ.स.पू. 562. ज्या खुंटीवर त्यांनी अख्खी कालगणना टांगली ती ही. आजचे इतिहासकारही त्या राजाच्या मृत्यूचे हेच साल मानतात.

ऑक्टोबरचे कोडेही असेच उलगडते. सृष्टी शरद संपाताच्या सुमारास, रविवारी सुरू झाली, असे त्यांनी धरले आणि खगोलीय कोष्टकांवरून तो रविवार शोधला. संपात तर सप्टेंबरात येतो, मग 23 ऑक्टोबर कशी? कारण तारीख ज्युलियन दिनदर्शिकेतली आहे. इतके मागे गेल्यावर ती आपल्या दिनदर्शिकेपेक्षा 32 दिवस पुढे असते. आपल्या हिशेबाने तो दिवस 21 सप्टेंबर. 4004 मधल्या शेवटच्या चार वर्षांचे कारण हेरोद राजा. तो इ.स.पू. 4 मध्ये मेला आणि येशूचा जन्म त्याच्या हयातीतला. म्हणून तो जन्म चार वर्षे मागे सरकवावा लागला.

हे सगळे ज्या ग्रंथात आहे तो लॅटिन भाषेतला, 1650 आणि 1654 अशा दोन भागांत निघालेला. सुमारे दोन हजार पानांच्या त्या ग्रंथाचा बराच मोठा भाग पर्शिया, ग्रीस आणि रोमच्या इतिहासाने भरला आहे. सृष्टीची तारीख येते ती अगदी आरंभी, थोडक्यात.

गैरसमज : ‘एकट्या धर्मगुरूचा हट्ट आणि चर्चची सक्ती’

सृष्टीचे साल काढणारे अशर एकटे नव्हते. इंग्लंडमधले भिक्षू बीड यांनी आठव्या शतकात इ.स.पू. 3952 हे साल काढले होते. कालगणनेचे विद्वान स्कॅलिजर यांचे उत्तर 3949. ग्रहांचे नियम सांगणाऱ्या केप्लर यांचे उत्तर अशर यांच्यापेक्षा जेमतेम दशकभराने वेगळे, आणि न्यूटन यांनीही प्राचीन कालगणनेवर वर्षानुवर्षे घालवली. कालगणना हे त्या काळचे प्रतिष्ठित शास्त्र होते. 4004 हे साल कोणत्याही चर्चने श्रद्धेचे कलम म्हणून लादले नाही. ते घरोघर पोहोचले ते छापखान्यामुळे : अशर यांच्या मृत्यूनंतर, 1701 मध्ये बिशप विल्यम लॉइड यांच्या देखरेखीखाली निघालेल्या इंग्रजी बायबलच्या समासात ही साले छापली गेली. समासातला आकडा वाचकांना मूळ मजकुराइतकाच पवित्र वाटू लागला. पृथ्वीचे वय सुमारे 455 कोटी वर्षे असल्याचे क्लेअर पॅटरसन यांनी उल्कापाषाणांतल्या शिशावरून 1956 मध्ये दाखवले. अशर यांच्या हाती लिखित साधनांपलीकडे काही नव्हते, आणि त्या साधनांशी ते प्रामाणिक राहिले.

गैरसमज : ‘पुस्तकात डोके खुपसलेला निरुपद्रवी साधू’

हा त्यांच्या चाहत्यांचा गैरसमज, आणि तोही दूर व्हायला हवा. दोन अंध आत्यांनी त्यांना वाचायला शिकवले, तेराव्या वर्षी ते डब्लिनच्या नव्या ट्रिनिटी कॉलेजात गेले, हे खरे. मीथचे बिशप म्हणून नेमले गेले तेव्हा, 1621 मध्ये, त्यांनी ‘बुक ऑफ केल्स’ या मध्ययुगीन हस्तलिखिताची पाने स्वतः मोजली आणि 344 हा आकडा त्यातच नोंदवून ठेवला. पण 1626 मध्ये, आर्चबिशप असताना, कॅथलिकांना धर्मस्वातंत्र्य देणे हे पाप आहे असे सांगणाऱ्या जाहीरनाम्याचे पुढारपणही त्यांनीच केले. आयर्लंडमधली बहुसंख्य प्रजा कॅथलिक होती. याच अशर यांचा डेव्हिड रोथ या कॅथलिक बिशपांशी जुन्या आयरिश इतिहासावर विद्याव्यवहार चालू होता. त्यांची विद्वत्ता उदार होती, त्यांचे राजकारण तसे नव्हते. राजनिष्ठ असूनही 1656 मध्ये त्यांना वेस्टमिन्स्टर ॲबीत सन्मानाने पुरले, ते राजाला मारणाऱ्या क्रॉमवेल यांनीच.

गैरसमज : ‘4004 हेच त्यांचे काम’

माझ्या मते त्यांचे सर्वोत्तम काम वेगळेच आहे. अंत्युखियाचे बिशप इग्नाशियस यांना दुसऱ्या शतकाच्या आरंभी रोमला श्वापदांपुढे टाकण्यासाठी नेले जात होते. वाटेत त्यांनी पत्रे लिहिली. त्यांच्या नावावर डझनभराहून अधिक पत्रे चालत होती आणि त्यांत भेसळ असल्याचा संशय होता. बिशपपद हवे की नको, हा वाद तेव्हा इंग्लंडमध्ये पेटला होता. बिशपांची थोरवी सांगणारी ही पत्रे त्यात महत्त्वाची ठरली, आणि 1641 मध्ये कवी मिल्टन यांनी त्यांवरून अशर यांच्यावरच हल्ला चढवला.

अशर यांना वाचनात एक धागा सापडला होता. तेराव्या शतकातले लिंकनचे बिशप रॉबर्ट ग्रोसटेस्ट इग्नाशियस यांचे जे उतारे देतात, ते प्रचलित पाठाशी जुळत नाहीत. पण युसेबियस आणि थिओडोरेट या प्राचीन लेखकांनी दिलेल्या उताऱ्यांशी जुळतात. मग इंग्लंडमध्ये कुठेतरी वेगळे, शुद्ध भाषांतर असलेच पाहिजे! त्यांनी शोध घेतला आणि लॅटिन हस्तलिखिते सापडली. एक केंब्रिजच्या कीज कॉलेजात, दुसरे एका बिशपांच्या खासगी संग्रहात. 1644 मध्ये ऑक्सफर्डहून त्यांनी पत्रे प्रसिद्ध केली. घुसडलेला मजकूर लाल शाईत छापला. स्वतः बिशप असून आपल्याच पक्षाच्या पुराव्यातली निम्म्याहून अधिक पत्रे त्यांनी बनावट ठरवली आणि फक्त सहा खरी मानली.

दोन वर्षांनी डच विद्वान आयझॅक व्हॉसियस यांनी फ्लॉरेन्सच्या हस्तलिखितातून मूळ ग्रीक पाठ छापला. तो अशर यांच्या लॅटिन पाठाशी जुळला. आज अभ्यासक सात पत्रे खरी मानतात : अशर यांची सहा, आणि त्यांनी नाकारलेले, बिशप पॉलिकार्प यांना लिहिलेले सातवे.