तोफेविना लढलेली ‘होगा’

अवाढव्य युद्धनौकेला बंदराच्या अरुंद जागेत स्वतःच्या बळावर सहसा वळता येत नाही. तिला ढकलणारी, ओढणारी, धक्क्याला लावणारी बुटकी, दणकट नौका म्हणजे टगबोट. नौदलांच्या इतिहासात या नौकांना तळटिपेपलीकडे फारशी जागा मिळत नाही. अमेरिकी नौदलाची ‘होगा’ त्याला अपवाद ठरली. (नाव आपल्या कानाला हिंदी क्रियापदासारखे वाटते, प्रत्यक्षात तो सू आदिवासींच्या भाषेतील ‘मासा’ या अर्थाचा शब्द आहे.)

न्यूयॉर्कमध्ये बांधलेल्या, जेमतेम १०० फूट लांबीच्या या नौकेचे जलावतरण ३१ डिसेंबर १९४० रोजी झाले. वर्ष पुरे होण्याआधीच, ७ डिसेंबर १९४१ च्या सकाळी, जपानी विमानांनी हवाई बेटांवरील पर्ल हार्बरवर हल्ला चढविला. अवघ्या काही मिनिटांत ‘होगा’ धक्का सोडून निघाली. स्फोटाने फुटलेल्या ‘ॲरिझोना’ला खेटून ‘व्हेस्टल’ ही दुरुस्ती-नौका उभी होती आणि पाण्यावर पेटते तेल पसरत होते. ‘होगा’ने दोर टाकून ‘व्हेस्टल’ला त्या आगीपासून ओढून दूर केले.

खरी कसोटी पुढे होती. हल्ल्याच्या काळात खुल्या समुद्राकडे निघू शकलेली एकमेव बॅटलशिप म्हणजे ‘नेव्हाडा’. टॉर्पेडो व बॉम्बचे घाव झेलत ती प्रवेशमार्गाजवळ पोहोचली होती. बंदरात जाण्या-येण्याचा तोच मार्ग. तेथे ती बुडाली असती, तर उरलेले आरमार आतल्या आत कोंडले गेले असते. म्हणून तिला हॉस्पिटल पॉइंटजवळ किनाऱ्यावर रुतविण्यात आले. ‘होगा’ तिच्या मदतीला धावली, तिच्यावरील आगीवर पाण्याचे फवारे सोडले आणि पुढे तिला मार्गाच्या पश्चिम काठाला हलविण्यात हातभार लावला. मार्ग मोकळा राहिला. त्यानंतर सुमारे तीन दिवस ही नौका जळत्या बॅटलशिप्सवर पाणी मारीत होती. फेब्रुवारी १९४२ मध्ये ॲडमिरल चेस्टर निमिट्झ यांनी तिच्या कर्मचाऱ्यांचा गौरव केला. तोफा नसलेल्या नौकेला असा मान क्वचितच लाभतो.

युद्धानंतर अशा नौका बहुधा भंगारात जातात. ‘होगा’ला मात्र आग विझविण्याचेच काम मिळाले. १९४८ मध्ये ती कॅलिफोर्नियातील ओकलंड शहराला देण्यात आली आणि सुमारे ४५ वर्षे तिने त्या बंदरात अग्निशमन नौका म्हणून सेवा बजावली. दरम्यान १९८९ मध्ये तिला राष्ट्रीय ऐतिहासिक वारशाचा दर्जा मिळाला. नौदलाकडे परतल्यावर मात्र तिच्या वाट्याला निवृत्त जहाजांच्या रांगेतील प्रतीक्षा आली. २००५ मध्ये ती आर्कान्सा राज्यातील नॉर्थ लिटल रॉक शहराच्या मालकीची झाली. तरी प्रत्यक्ष तेथे पोहोचायला २०१५ चा नोव्हेंबर उजाडला.

समुद्रापासून शेकडो किलोमीटर आत, आर्कान्सा नदीवरील संग्रहालयात ती आता ‘रेझरबॅक’ पाणबुडीच्या सोबतीला आहे. १९४५ च्या सप्टेंबरमध्ये जपानने टोकियो उपसागरात शरणागती पत्करली, तेव्हा ही पाणबुडी तेथे हजर होती.