स्केचही आपलं, चेकही आपलाच

'लगान' तुम्ही निदान दोन-तीनदा तरी पाहिला असेल. मॅच आठवते, गाणी आठवतात. चंपानेरचा सेट आठवतो? नाही ना? कारण तुम्हाला ते गावच वाटलं. कच्छमध्ये, भूजजवळच्या कुनरियाच्या माळावर ती घरं, ते टेकडीवरचं देऊळ मुद्दाम उभं केलेलं होतं. पुढच्याच वर्षी, २००२ मध्ये, 'देवदास' आला. रंगीत काचांची पारोची हवेली, पाण्याकाठचा चंद्रमुखीचा कोठा. इथे सेटवरून नजर हटत नाही. दोन्ही कामं नितीन चंद्रकांत देसाई यांची आणि दोन्हींना राष्ट्रीय पुरस्कार. मला विचाराल तर 'लगान'च जास्त अवघड. 'काय सेट आहे!' असं कुणालाही वाटू न देणं हे येरागबाळ्याचं काम नव्हे.

देसाई एका रात्रीत तिथे पोचले नव्हते, बरं का. १९८७ च्या सुमारास 'तमस' मालिकेवर ते नितीश रॉय यांचे सहाय्यक होते. मग 'भारत एक खोज', 'चाणक्य'. 'तमस'नंतर सात वर्षांनी '१९४२ : अ लव्ह स्टोरी' आला आणि नाव झालं.

या सहाय्यकीत माणूस शिकतो काय? स्क्रिप्ट हातात आली की सीन कुठल्या काळातला, घरात राहणाऱ्याची ऐपत किती, दार कुठल्या बाजूला उघडतं, हे सगळं काढायचं. मग स्केच, मॉडेल आणि लगेच खर्चाचा अंदाज. कॅमेरा कुठून बघणार हे ठाऊक असेल तरच कुठली भिंत सरकती ठेवायची ते कळतं. सुतार, पेंटर, मोल्डिंगवाले रात्रभर राबतात, कारण शूटिंगची तारीख हलत नाही. आणि एवढं करून काम संपलं की सेट तोडायचा!

म्हणून डिझायनर आणि निर्माता यांचं भांडण ठरलेलं. एक म्हणतो चाळीस खांब हवेत, दुसरा म्हणतो वीसात भागव. डिझायनर चिडतो, घरी जाऊन विचार करतो आणि कधीकधी वीसातच जास्त चांगलं काहीतरी सुचतं. पण खांब मागणारा आणि पैसे देणारा एकच असेल तर?

देसाईंनी २००५ मध्ये कर्जतला एन. डी. स्टुडिओ उभा केला. 'जोधा अकबर'चा आग्र्याचा किल्ला तिथलाच. 'राजा शिवछत्रपती' मालिका त्यांनी स्वतः निर्माण केली, पुढे २०११ मध्ये 'बालगंधर्व'. गंमत बघा, निर्माता म्हणून त्यांनी गोष्ट निवडली ती रंगमंचावरच्या थाटात कधीही काटकसर न करणाऱ्या आणि त्यापायी कर्जात बुडालेल्या नटाची.

सेट तोडायचा नाही, जपायचा, ही कल्पना मोठीच होती. पण जपलेल्या किल्ल्याला डागडुजी लागते, राखण लागते. शूटिंग येईल तेव्हाच भाडं मिळतं, कर्जाचं व्याज मात्र सुट्टी घेत नाही. जुलै २०२३ च्या अखेरीस त्यांच्या कंपनीवर दिवाळखोरीची प्रक्रिया सुरू झाली. २ ऑगस्टला देसाईंनी त्याच स्टुडिओत आपलं आयुष्य संपवलं. अठ्ठावन्नावा वाढदिवस चार दिवसांवर होता. कुणाच्याही जाण्याचं कारण बाहेरून एका ओळीत सांगता येत नाही, तेव्हा तो उद्योग आपण करू नये. त्यांचे चार राष्ट्रीय पुरस्कार जितके खरे, तितकाच कर्जाचा तो ताळेबंदही खरा, इतकंच.

तुमच्यापैकी काहीजण अप्लाइड आर्ट किंवा आर्किटेक्चर करताय आणि या लायनीत यायचं म्हणताय. मग 'बालगंधर्व' पुन्हा लावा. एक नाटकाचा प्रसंग निवडा, तिथे थांबवा आणि पडदे, झुंबरं, शालू, गालिचे असं दिसेल ते सगळं कागदावर उतरवा. प्रत्येक वस्तूपुढे लिहा : विकत, भाड्याने की बनवून? शेजारी कॉमर्सचा एखादा मित्र बसवा. तो आकडे मांडत जाईल आणि अर्ध्या वस्तूंवर फुली मारेल. तुम्ही त्याच्याशी भांडा.