गिरणगावाचा धडा : नवनिर्मिती, विनाश आणि शहराची वाढ

आपल्या मागच्या दोन-तीन पिढ्यांतील अनेक माणसे पोटासाठी खेडे सोडून शहरात आली. ज्या धंद्याने त्यांच्या घराला आधार दिला, तो धंदा डोळ्यांदेखत बंद पडल्याचे त्यांनी पाहिले. त्याच रस्त्यावर, त्याच जागेवर दुसरा धंदा उभा राहिलेलाही त्यांनी पाहिला. शहर मात्र वाढतच गेले. एका बाजूला कुलूपबंद दरवाजे आणि दुसऱ्या बाजूला वाढती संपत्ती, हे एकाच वेळी कसे घडते, याचा विचार आम्ही या लेखात करीत आहोत.

अर्थशास्त्रात या प्रक्रियेला ‘सर्जनशील विनाश’ असे म्हणतात. योसेफ शुंपीटर या अर्थशास्त्रज्ञाने १९४२ साली प्रसिद्ध केलेल्या आपल्या ग्रंथातून ही संज्ञा रूढ केली. त्याचे म्हणणे थोडक्यात असे : भांडवलशाहीतील खरी स्पर्धा वस्तू दोन पैशांनी स्वस्त विकण्याची नसते. नवे यंत्र, नवा माल, नवी बाजारपेठ किंवा काम करण्याची नवी रीत जेव्हा येते, तेव्हा ती जुन्या व्यवस्थेचा पायाच काढून घेते. जुन्यात अडकलेले श्रम, पैसा आणि जागा मोकळी होते व नव्याकडे वळते. २०२५ सालचे अर्थशास्त्राचे नोबेल पारितोषिक जोएल मोकिर, फिलिप अघियाँ आणि पीटर हॉविट यांना मिळाले, तेही नवनिर्मितीतून आर्थिक वाढ कशी होते याच्या उलगड्यासाठीच.

ही प्रक्रिया शहरात अधिक वेगाने चालते. शहरात भांडवल, बाजारपेठ, कसबी हात आणि निरनिराळ्या विद्या जाणणारी माणसे जवळजवळ असतात. एकाचे कसब दुसरा पाहतो, त्यात भर घालतो. एक कारखाना बंद झाला तर कामगाराला दुसरे दार ठोठावता येते. खेड्यात बहुधा एकच दार असते आणि त्यावर जातीचा पहारा असतो.

मुंबईचे उदाहरण घेऊ. १८५३ साली बोरीबंदर ते ठाणे आगगाडी धावली. १८५४ साली कावसजी नानाभाई दावर यांनी कापड गिरणीची कंपनी स्थापन केली आणि १८५६ मध्ये ताडदेव येथे तिचे उत्पादन सुरू झाले. पुढे अमेरिकेतील यादवी युद्धाच्या काळात (१८६१-६५) इंग्लंडला तेथील कापूस मिळेनासा झाला, भारतीय कापसाचे भाव भडकले आणि मुंबईच्या व्यापाऱ्यांच्या हाती मोठा पैसा आला. १८६५ मध्ये भाव कोसळले, अनेक पेढ्या बुडाल्या. परंतु रेल्वे, बंदर आणि व्यापाराची जाण शहरातच राहिली. त्या पायावर परळ, लालबाग, वरळी, भायखळा या भागांत गिरण्यांची धुराडी उभी राहिली. या सर्जनाची दुसरी बाजूही होती. यंत्राच्या सुतापुढे हाताने सूत काढणाऱ्यांचा व्यवसाय टिकला नाही. विदर्भात जाडेभरडे कापड विणणाऱ्या महार कुटुंबांनाही याची झळ लागली. १८७७ साली नागपुरात एम्प्रेस मिल सुरू झाली, तेव्हा तिच्या दारात काम मागायला गेलेल्यांत अशा कुटुंबांतील माणसे होती.

येथे शुंपीटरच्या सिद्धांताला आपल्या देशातील एक वास्तव जोडावे लागते. जुन्यातून मोकळा झालेला माणूस नव्या कामाकडे वळतो, असे सिद्धांत गृहीत धरतो. मुंबईच्या गिरण्यांत तसे घडले नाही. विणकाम खात्यात, म्हणजे कामगारांच्या बोलीतील साळखात्यात, मजुरी अधिक मिळे. तेथे धोट्यातील कांडी संपली की नव्या कांडीचे सूत धोट्याच्या छिद्रातून तोंडाने ओढून घ्यावे लागे. एकाच धोट्याला अनेकांचे ओठ लागत. म्हणून सवर्ण कामगारांनी अस्पृश्यांना त्या खात्यात येऊ दिले नाही. यंत्र विलायतेहून आले, पण त्या यंत्रापाशी कोणी उभे राहायचे हे जातीने ठरविले. १९२८ च्या दीर्घ संपाच्या वेळी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी हा प्रश्न कामगार पुढाऱ्यांपुढे ठामपणे मांडला.

बाबासाहेब हे मुळात अर्थशास्त्राचे विद्यार्थी होते, याचा आपल्याला अनेकदा विसर पडतो. १९१८ साली लिहिलेल्या भारतातील लहान शेतजमिनींवरील निबंधात त्यांनी दाखवून दिले की शेतीवर गरजेपेक्षा अधिक माणसे अवलंबून आहेत आणि त्यावरचा उपाय औद्योगिकीकरण हा आहे. १९३६ सालच्या जातिनिर्मूलनावरील ग्रंथात त्यांनी आणखी एक मर्म सांगितले. उद्योग स्थिर नसतो, त्यात सतत बदल होतात. बदल झाला की माणसाला व्यवसाय बदलता आला पाहिजे. जात ही मोकळीक नाकारते, म्हणून ती बेकारीचे कारण बनते. सर्जनशील विनाशाच्या चर्चेत भारतीय वाचकाने हा विचार शुंपीटरच्या शेजारी ठेवून वाचावा, असे आम्हांस वाटते.

गिरण्यांचा ऱ्हासही शिकण्यासारखा आहे. भिवंडी, मालेगाव, इचलकरंजी येथील यंत्रमाग कमी खर्चात कापड देऊ लागले, कृत्रिम धाग्याचे कापड लोकप्रिय झाले आणि अनेक गिरणी मालकांनी यंत्रे बदलण्यासाठी पैसा गुंतवला नाही. १८ जानेवारी १९८२ रोजी डॉ. दत्ता सामंत यांच्या नेतृत्वाखाली सुमारे २.५ लाख कामगारांचा संप सुरू झाला. त्यानंतर अनेक गिरण्या पुन्हा पूर्ववत चालल्याच नाहीत. कापडापेक्षा गिरणीखालची जमीन महाग झाली होती. १९९१ च्या नियमावलीत त्या जमिनीचे मोकळी जागा, परवडणारी घरे आणि मालक असे तीन वाटे सुचविले होते. परंतु २००१ च्या दुरुस्तीने पहिले दोन वाटे फार लहान झाले. आज तेथे मॉल, बँका आणि संगणकावर चालणारी कार्यालये आहेत. शहराचे उत्पन्न वाढले. पण साळखात्यातील माणूस त्या काचेच्या इमारतीत शिरला तो बहुधा पहारेकरी म्हणून.

यावरून दोन गोष्टी स्पष्ट होतात. प्रत्येक विनाश सर्जनशील नसतो. जमिनीच्या भावासाठी कारखाना बंद होणे आणि चांगल्या यंत्राने जुने यंत्र मागे पडणे या निराळ्या घटना आहेत. दुसरे असे की, खरी नवनिर्मिती झाली तरी तिचा लाभ सर्वांत विखुरतो आणि तिची किंमत मात्र काही मोजक्या घरांना चुकवावी लागते.

सर्व संस्कार अनित्य आहेत ही तथागतांची शिकवण आपण जाणतो. धंदाही अनित्य आहे. पण अनित्यता म्हणजे असहायता नव्हे. दीघनिकायातील कूटदन्त सुत्तात राज्यातील अशांतीवर उपाय सांगताना पुरोहित राजाला म्हणतो की दंडाने चोऱ्या थांबणार नाहीत. शेती करणाऱ्याला बी-बियाणे द्यावे, व्यापार करणाऱ्याला भांडवल द्यावे, सेवा करणाऱ्याला वेतन द्यावे. बदलाच्या काळात माणसाच्या हाती साधन देणे हे राज्याचे कर्तव्य आहे, हा विचार आपल्या परंपरेत इतका जुना आहे. बेकारीच्या काळातील आधार, नव्या कामाचे प्रशिक्षण आणि कामाच्या जवळ परवडणारे घर ही त्याची आजची रूपे होत.

निवासी विद्यालयाचे काम याच ठिकाणी सुरू होते. आज आपल्या वसतिगृहात राहणारा मुलगा किंवा मुलगी शिकून जे काम धरील, ते त्यांच्या निवृत्तीपर्यंत त्याच स्वरूपात राहील याची खात्री कोणी देऊ शकत नाही. म्हणून भाषा, गणित आणि विज्ञान यांचा पाया पक्का असावा, आणि नवे काम शिकताना संकोच वाटू नये, एवढी शिदोरी शाळेने दिली पाहिजे. माजी विद्यार्थ्यांपैकी कोणी बँकेत, कोणी कारखान्यात, कोणी संगणक क्षेत्रात आहेत. त्यांना आमची विनंती आहे की त्यांनी वर्षातून एक दिवस विद्यालयात यावे आणि आपल्या कामात गेल्या दहा वर्षांत काय नाहीसे झाले व काय नवे आले, हे नववी-दहावीच्या मुलांना सांगावे. आपल्या आजोबांना धोट्यापासून दूर ठेवले गेले होते. उद्याचे यंत्र कोणते असेल हे आपल्याला ठाऊक नाही, पण त्यापाशी आपली मुले शिकलेली आणि निर्भय उभी असावीत, इतकी तयारी आपण आजच करू शकतो.