तांग वेईचं 'अखेरीस'

ह्यून बिन म्हटलं की तुम्हाला 'क्रॅश लँडिंग ऑन यू' आठवणार. पण त्याच्या नऊ वर्षं आधीचा 'लेट ऑटम' (2010) बघितलाय? आईच्या अंत्यविधीसाठी 72 तास तुरुंगातून सुटलेली एक बाई त्यात आहे. खरं सांगायचं तर ह्यून बिनला सोडून आपण तिच्याकडेच बघत राहतो. ती तांग वेई. मूळची चीनची.

2007मध्ये आंग ली यांच्या 'लस्ट, कॉशन'ने तिचं नाव जगभर केलं आणि पुढच्याच वर्षी चीनमध्ये तिच्यावर बंदी आली. टीव्हीवरची जाहिरातसुद्धा उतरवली. वाद सिनेमातल्या धाडसी दृश्यांचा होता म्हणावं, तर त्याच दृश्यांत असलेल्या टोनी लिऊंगचं आणि खुद्द दिग्दर्शकाचं काम चालूच राहिलं. सापडली ती नवखी मुलगी!

मग हाँगकाँगच्या 'क्रॉसिंग हेनेसी'तून ती परतली आणि पाठोपाठ कोरियन दिग्दर्शक किम ते-योंगचा 'लेट ऑटम' आला. त्यात ती बरंचसं इंग्रजीच बोलते, तरी कोरियातला मानाचा बेकसांग पुरस्कार तिला मिळाला. 2013मध्ये 'फाइंडिंग मिस्टर राइट' चीनमध्येही तुफान चालला. 2014मध्ये तिने किमशी लग्न केलं.

पण तुम्ही बघायलाच हवा तो पार्क चान-वूकचा 'डिसिजन टू लीव्ह' (2022). यातली सो-रे चिनी स्थलांतरित आहे, कोरियन शिकलीय ती ऐतिहासिक मालिका बघून. कल्पना करा, पेशवाईवरच्या मालिका बघून मराठी शिकलेली बाई पोलीस चौकीत जबाब देतेय! नवरा डोंगरावरून पडून मेलाय आणि ही 'अखेरीस' मेला अशा अर्थाचा शब्द वापरते. आता हा भाषेचा घोळ की मनातलं बाहेर पडलं? पोलिसालाही कळत नाही, आपल्यालाही नाही. आणि जीव तोडून काही सांगायचं झालं की ती सरळ चिनीत बोलते, मोबाइल भाषांतर करतो. परकेपण लपवायच्या भानगडीत न पडता तांग वेईने त्यालाच कामाला लावलंय.

ब्लू ड्रॅगन पुरस्कारांमध्ये सर्वोत्कृष्ट अभिनेत्री ठरलेली ती पहिलीच परदेशी.

नवऱ्याने दिग्दर्शित केलेला 'वंडरलँड' (2024) नंतर बघितला तरी चालेल. 'डिसिजन टू लीव्ह' मात्र डब केलेला अजिबात नको. सबटायटल्स लावा आणि आवाज मोठा ठेवा.