‘अर्सलान’ म्हणजे कोण?

भिवंडीच्या गल्लीत ‘अर्सलान’ अशी हाक आली, की बरेच जण म्हणतात, अरबी नाव असणार. तर नाही! शब्द तुर्की आहे, अर्थ सिंह. फारसी-उर्दूमार्गे तो आपल्याकडे आला. सिंहाला अरबीत ‘असद’ म्हणतात, फारसीत ‘शेर’.

सेल्जुक सुलतान अल्प अर्सलानचं स्वतःचं नाव मुहम्मद; ‘अल्प अर्सलान’, म्हणजे शूर सिंह, ही पदवी. १०७१ मध्ये मान्झिकर्टच्या लढाईत त्यानं बायझंटाइन सम्राटाला कैद केलं.

आजच्या तुर्कीत उच्चार ‘अस्लान’. ‘नार्निया’तला सिंह आठवला ना? लेखक लुईस यांनी तोच शब्द उचलला.

आपल्याकडेही नरसिंह, प्रतापसिंह आहेतच. तेव्हा नाव ऐकून माणूस परका ठरवू नका. पोर निडर व्हावं, हे सगळ्याच आईबापांना वाटतं.

तुमचं नाव कुठल्या भाषेतलं? आज घरी विचाराच!